नार्को-हुकूमशाही : शब्दामागचा इतिहास आणि तो लावण्याच्या कसोट्या

ऑक्टोबर २०२३ मध्ये मुंबईच्या साकीनाका पोलिसांनी नाशिक-पुणे रस्त्यावरच्या शिंदे गावातल्या एका कारखान्यावर छापा घातला आणि सुमारे तीनशे कोटी रुपये किमतीचा एमडी, म्हणजे मेफेड्रोन, पकडला. या प्रकरणातला मुख्य संशयित त्याच्या काही दिवस आधीच पुण्याच्या ससून रुग्णालयातून, पोलिसांचा पहारा असताना, पळाला होता. नाशकात मोर्चा निघाला, प्रकरण विधिमंडळात गाजले. असे काही घडले की 'नार्को-स्टेट', 'नार्को-राजवट', 'ड्रग्जच्या पैशावरची हुकूमशाही' असे शब्द सहज तोंडी येतात. या शब्दांना ठरलेला अर्थ आहे आणि त्यामागे किमान चार दशकांचा रक्तरंजित इतिहास आहे.

नार्को-हुकूमशाही म्हणजे अमली पदार्थांच्या पैशावर तगलेली आणि मतपेटी, न्यायालय किंवा विधिमंडळ यांपैकी कशानेही हलवता न येणारी राजवट. हा शब्द लावण्याआधी तीन गोष्टी तपासाव्या लागतात. पहिली, तो पैसा राज्यकर्त्याची सत्ता टिकवायला लागतो का, म्हणजे फौजेचे पगार, निष्ठावंतांची खरेदी, परकीय चलन त्यातून भागते का. दुसरी, मालाची राखण सरकारची यंत्रणाच करते का: लष्कराच्या धावपट्ट्या, नौदलाच्या बोटी, सीमेवरच्या चौक्या. तिसरी, हे उघड झाल्यावर देशातली एखादी संस्था त्या माणसाला खाली खेचू शकते का. पहिल्या दोन गोष्टी खऱ्या आणि तिसरीचे उत्तर 'नाही', तरच हा शब्द शोभतो. देशात माल पिकतो, बनतो किंवा तिथून पुढे जातो एवढ्यावर तो लावता येत नाही. मेक्सिकोत टोळ्यांनी कितीतरी नगरपालिका आणि पोलीस ठाणी खिशात घातली. देशाचे माजी सुरक्षामंत्री हेनारो गार्सिया लुना यांना २०२३ मध्ये अमेरिकी न्यायालयाने टोळीकडून लाच घेतल्याबद्दल दोषी ठरवले. तरी तिथे निवडणुकीने सरकारे बदलतात. त्याला पोखरलेली लोकशाही म्हणावे, हुकूमशाही नव्हे.

अमली मालाच्या उत्पन्नावर राज्य चालवण्याची कल्पना मात्र लॅटिन अमेरिकेची नाही, ती आपल्या ओळखीची आहे. ईस्ट इंडिया कंपनीने १७७३ मध्ये बंगालच्या अफूची मक्तेदारी स्वतःकडे घेतली. साधारण ६३ किलोची एक पेटी, अशा हजारो पेट्यांचा कलकत्त्यात लिलाव व्हायचा आणि माल चीनकडे जायचा. माळव्यातली अफू संस्थानांच्या मुलखात पिकायची, त्यामुळे तिथे मक्तेदारी जमेना. मग कंपनीने पास काढला: मुंबई बंदरातून माल न्यायचा तर पेटीमागे ठरावीक रक्कम भरा. १८३५ मध्ये ही रक्कम १२५ रुपये होती. सिंधमार्गे कराची आणि दमणकडे जाणारी चोरवाट मोकळी असेपर्यंत ती फार वाढवता येत नव्हती. १८४३ मध्ये सिंध इंग्रजांच्या ताब्यात गेला, वाट बंद झाली आणि १८४७ पर्यंत पास ४०० रुपयांवर गेला. माळव्यातून मुंबईकडे उतरणारा रस्ता धुळे, मालेगाव, नाशिक, मग थळघाट असा. आजचा आग्रा रोड त्याच दिशेने जातो. एकोणिसाव्या शतकाच्या मध्यावर हिंदुस्थान सरकारच्या महसुलात अफूचा वाटा साधारण सहावा-सातवा हिस्सा होता. ही नार्को-हुकूमशाही म्हणायची का? पैशाच्या आणि पहाऱ्याच्या कसोटीवर हो, आणि लोकांना विचारून चाललेले ते राज्य नव्हतेच. फरक असा की तो व्यापार कायदेशीर होता आणि त्याचा हिशेब अंदाजपत्रकात छापला जायचा. आजच्या अर्थाने जो शब्द वापरला जातो त्यात चोरी गृहीत आहे. कायद्याने बंदी असलेला माल, आणि बंदी राबवायची जबाबदारी ज्याच्यावर तोच व्यापारी.

तसे पहिले ठळक उदाहरण बोलिव्हियाचे. १७ जुलै १९८० रोजी जनरल लुईस गार्सिया मेझा यांनी हंगामी राष्ट्राध्यक्ष लिडिया गेलर यांचे सरकार उलथवले. त्याच दिवशी समाजवादी नेते मार्सेलो किरोगा सांताक्रूझ यांना कामगार महासंघाच्या कचेरीत गोळ्या घातल्या गेल्या. या बंडामागे रॉबर्टो सुआरेझ यांच्यासारख्या कोकेन व्यापाऱ्यांचा पैसा होता, आणि भाडोत्री मारेकऱ्यांची जमवाजमव करणाऱ्यांत नाझी गुन्हेगार क्लाऊस बार्बी होता. म्हणून त्याला 'कोकेन बंड' हे नाव कायमचे चिकटले. गृहमंत्री झालेले कर्नल लुईस आर्से गोमेझ पोलीसही सांभाळत आणि व्यापाऱ्यांशी व्यवहारही. छोट्या व्यापाऱ्यांवर छापे पडत, मोठ्यांचा माल सुरक्षित राही. अमेरिकेने मदत थांबवली, तेव्हा कोकेनचा पैसाच सरकारचा आधार उरला. पण याच पैशाने राजवट खिळखिळीही केली: वाटा कोणाला किती यावर सेनाधिकाऱ्यांत फूट पडली आणि ऑगस्ट १९८१ मध्ये मेझा गेले. जेमतेम तेरा महिने. मेझा यांना बोलिव्हियाच्या सर्वोच्च न्यायालयाने १९९३ मध्ये ३० वर्षांची शिक्षा दिली. ते ब्राझीलमध्ये सापडले, १९९५ मध्ये परत आणले गेले.

शब्द छापील आणि अधिकृत झाला तो पनामामुळे. अमेरिकी सिनेटच्या एका उपसमितीने, जिचे अध्यक्ष जॉन केरी होते, एप्रिल १९८९ मध्ये प्रसिद्ध झालेल्या अहवालात मानुएल नोरिएगा यांच्या पनामाला 'नार्को-क्लेप्टोक्रसी' म्हटले. क्लेप्टोक्रसी म्हणजे चोरांचे राज्य. त्याला 'नार्को' जोडले. पुढे पत्रकारांनी आणि अभ्यासकांनी यातूनच नार्को-स्टेट, नार्को-हुकूमशाही अशी रूपे रुळवली.

पनामाचे प्रकरण नीट समजून घ्यायला हवे, कारण शब्दाचे सगळे ताणेबाणे त्यात आहेत. नोरिएगा १९७० पासून लष्करी गुप्तवार्ता विभागाचे प्रमुख आणि १९८३ पासून लष्करप्रमुख. राष्ट्राध्यक्ष दुसराच कोणी असायचा, सत्ता यांच्या हातात. पनामात अमेरिकी डॉलरच्या नोटा हेच चलन आणि बँकांचा गुप्ततेचा कायदा कडक. त्यामुळे कोलंबियातल्या मेडेलिन टोळीला पनामा दोन कामांसाठी हवा होता: विमाने उतरवायला आणि रोकड जिरवायला. दुसरे काम जास्त मोलाचे. कोकेनपेक्षा त्याची रोकड वजनाला आणि आकाराने मोठी असते. ती कुठेतरी बँकेत शिरली नाही तर धंदा अडतो.

तरीही वर्षानुवर्षे नोरिएगा अमेरिकेच्या मर्जीतले होते. अमेरिकी गुप्तचर संस्था आणि लष्कराकडून त्यांना सव्वातीन लाख डॉलरच्या आसपास रक्कम दिल्याचे सरकारने पुढे खटल्यात मान्य केले. अमली पदार्थविरोधी खात्याच्या प्रमुखांनी तर १९८७ मध्येही त्यांचे पत्राने आभार मानले होते. हे कसे शक्य झाले? संरक्षणासाठी पैसे न देणाऱ्यांचा आणि प्रतिस्पर्ध्यांचा माल नोरिएगा पकडून देत. जप्तीचे आकडे छान दिसत. म्हणून 'आमच्या सरकारने इतके टन माल पकडला' हा निर्दोषत्वाचा पुरावा होत नाही. कोणाचा पकडला आणि कोणाचा सोडला हे कळल्याशिवाय त्या आकड्याला अर्थ नाही.

तिसरी कसोटी पनामात फेब्रुवारी १९८८ मध्ये लागली. मायामी आणि टॅम्पा इथे नोरिएगांवर आरोपपत्रे दाखल झाली. राष्ट्राध्यक्ष एरिक आर्तुरो देल्वाये यांनी त्यांना बडतर्फ केले. लगेच पनामाच्या संसदेने बडतर्फ केले ते राष्ट्राध्यक्षांनाच. मे १९८९ ची निवडणूक विरोधक जिंकताहेत हे दिसताच ती रद्द झाली. २० डिसेंबरला अमेरिकी फौजा उतरल्या, ३ जानेवारी १९९० रोजी नोरिएगा शरण आले आणि १९९२ मध्ये त्यांना ४० वर्षांची शिक्षा झाली, जी पुढे कमी झाली. शब्द खरा होता, पण तो उच्चारला गेला मैत्री तुटल्यावर. हे दोन्ही एकाच वेळी ध्यानात ठेवावे लागते.

इथेच एक गल्लत टाळायला हवी. 'नार्को-दहशतवाद' हा वेगळा शब्द. १९८३ मध्ये पेरूचे अध्यक्ष फर्नांडो बेलाउंदे यांनी तो अमली पदार्थविरोधी पोलिसांवर होणाऱ्या हल्ल्यांसाठी वापरला. तिथे टोळी सरकारवर हल्ला करते. नार्को-हुकूमशाहीत टोळी आणि सरकार एकाच खुर्चीवर असतात. मराठी बातम्यांत हे दोन्ही शब्द सर्रास अदलाबदल करून येतात आणि वाक्याचा अर्थ उलटा होतो.

आफ्रिकेत हा शब्द गिनी-बिसाऊला चिकटला. किनाऱ्यासमोर बिजागोसची ८० हून जास्त बेटे, गस्तीच्या बोटी नावापुरत्या, देशाची निर्यात म्हणजे प्रामुख्याने काजू. २००६ मध्ये ६७४ किलो कोकेन पकडले गेले, सुरक्षेसाठी म्हणून सरकारी खजिन्यात ठेवले आणि तिथून नाहीसे झाले. २०१३ मध्ये नौदलाचे माजी प्रमुख बुबो ना चुटो यांना अमेरिकी पथकाने समुद्रात सापळा लावून पकडले. पण इथे सत्ता एका हातात टिकलीच नाही, बंडामागून बंडे होत राहिली. त्यामुळे 'नार्को-राष्ट्र' चालेल, 'नार्को-हुकूमशाही' ताणून लावावी लागते.

एकविसाव्या शतकातले सर्वांत भरीव उदाहरण सीरियाचे. नाशिक जिल्ह्यातल्या द्राक्ष-डाळिंबवाल्यांनी ते वाचायलाच हवे. कॅप्टागॉन हे १९६१ मध्ये जर्मनीत तयार झालेले औषध. त्यातला मूळ घटक फेनेथिलिन. १९८० च्या दशकात त्यावर बंदी आली. आज त्या नावाने विकल्या जाणाऱ्या गोळीत मूळ घटक नसतोच, ॲम्फेटामाइन असते. शेत लागत नाही, हंगाम लागत नाही. रसायने, मिसळण्याचे पिंप आणि गोळ्या दाबायचे यंत्र एवढ्यावर काम होते. २०११ नंतर युद्ध आणि निर्बंधांनी सीरियाचे परकीय चलन आटले, तेव्हा असद राजवटीने हा उद्योग हाती घेतला. बशर असद यांचे बंधू माहेर यांचा चौथा लष्करी विभाग चौक्या आणि लाताकिया बंदराकडचे रस्ते सांभाळायचा. विश्व बँकेच्या २०२४ च्या अंदाजात सीरियातून निघणाऱ्या कॅप्टागॉनच्या बाजाराचे मूल्य वर्षाला १.९ ते ५.६ अब्ज डॉलर धरले होते. जुलै २०२० मध्ये इटलीच्या सालेर्नो बंदरात कागदाच्या अजस्र गुंडाळ्यांत ८ कोटी ४० लाख गोळ्या सापडल्या. जानेवारी २०२२ मध्ये जॉर्डनच्या लष्कराने सीमेवर एका दिवसात २७ तस्कर मारले.

एप्रिल २०२१ मध्ये सौदी अरेबियाला लेबनॉनहून आलेल्या डाळिंबांत ५० लाखांहून जास्त गोळ्या निघाल्या. सौदीने लेबनॉनच्या सगळ्या फळांची आणि भाज्यांची आयात बंद केली. ज्या शेतकऱ्यांचा गोळ्यांशी काडीचा संबंध नव्हता त्यांचा माल सडला. ताज्या मालाचा कंटेनर तस्करांना आवडतो, कारण तो नाशवंत असल्याने बंदरात लवकर सोडावा लागतो आणि पूर्ण उपसून तपासला तर माल खराब होतो. आपल्याकडेही ऑक्टोबर २०२२ मध्ये वाशीजवळ दक्षिण आफ्रिकेतून आलेल्या संत्र्यांच्या खोक्यांत १९८ किलो मेथॲम्फेटामाइन आणि ९ किलो कोकेन पकडले होते. बागलाण-देवळ्याचे डाळिंब आणि निफाड-दिंडोरीची द्राक्षे जातात त्याच न्हावा-शेवामार्गे. पॅकहाउसमध्ये भरणी होताना खोक्यांची मोजणी, कंटेनरच्या सीलचा क्रमांक फोटोसह टिपणे आणि वाटेत गाडी किती वेळ कुठे थांबली याची नोंद, या तीन गोष्टी निर्यातदाराच्या स्वतःच्या संरक्षणासाठी आहेत. सील तुटलेले निघाले आणि नोंद नसेल, तर आपल्या हातून माल स्वच्छ निघाला होता हे दाखवायला काहीच उरत नाही.

८ डिसेंबर २०२४ रोजी असद पळाले. काही दिवसांतच दमास्कसजवळ दूमा इथे वेफर्सच्या जुन्या कारखान्यात गोळ्यांचे ढीग सापडले. विजेच्या उपकरणांत दडवून पाठवण्यासाठी तयार ठेवलेला मालही होता. तिन्ही कसोट्यांवर सीरिया उतरतो.

व्हेनेझुएला आणि होंडुरासच्या बाबतीत जपून बोलावे. अमेरिकेने मार्च २०२० मध्ये व्हेनेझुएलाचे तेव्हाचे अध्यक्ष निकोलास मादुरो यांच्यावर आरोपपत्र ठेवले. त्यांच्या पत्नीचे दोन भाचे २०१५ मध्ये हैतीत पकडले जाऊन न्यूयॉर्कमध्ये दोषी ठरले होते. पण तिथे तेलाचा पैसा आहे, त्यामुळे सत्ता कोकेनवर किती अवलंबून होती हे वेगळे सिद्ध करावे लागते. तस्करीचा आरोप असलेल्या तिथल्या सेनाधिकाऱ्यांना 'सूर्यांची टोळी' म्हणतात, ते नावही सेनाधिकाऱ्यांच्या खांद्यावरच्या सूर्यचिन्हावरून १९९० च्या दशकात पत्रकारांनी दिलेले, फलक लावलेल्या संघटनेचे नव्हे. होंडुरासचे माजी अध्यक्ष हुआन ओर्लांडो हर्नांडेझ यांना २०२४ मध्ये ४५ वर्षांची शिक्षा झाली आणि २०२५ च्या अखेरीस अमेरिकी अध्यक्षांनी त्यांना माफी दिली. पण ते निवडणुकीनंतर पायउतार झाले होते, आणि त्यांना अमेरिकेच्या हवाली केले ते त्यांच्याच देशाने.

आता शिंदे गावाचे प्रकरण याच मापाने मोजावे. छापा बाहेरच्या शहराच्या पोलिसांनी घातला, म्हणजे यंत्रणेचा एक हात दुसऱ्याच्या हद्दीत पोहोचला. संशयित पुन्हा पकडला गेला, पहाऱ्यावरच्या पोलिसांवर कारवाई झाली, विरोधकांना मोर्चा काढता आला. याला संगनमताचा संशय असलेला संघटित गुन्हा म्हणता येते, नार्को-राजवट नाही. असे म्हटल्याने प्रकरण हलके होत नाही, उलट नेमका प्रश्न समोर येतो. मेफेड्रोन फेब्रुवारी २०१५ पासून एनडीपीएस, म्हणजे अमली पदार्थविरोधी, कायद्याच्या यादीत आहे. दोन ग्रॅमपर्यंत अल्प प्रमाण, ५० ग्रॅमच्या वर व्यापारी प्रमाण, आणि त्याला १० ते २० वर्षे सक्तमजुरी. पैसा पुरवणाऱ्यासाठी कलम २७अ आहे. आणि मुद्दाम मदत करणाऱ्या किंवा डोळेझाक करणाऱ्या अधिकाऱ्यासाठी कलम ५९, त्यालाही १० ते २० वर्षे. मात्र कलम ५९ खाली न्यायालयाला दखल घ्यायची तर सरकारच्या पूर्वपरवानगीने केलेली लेखी तक्रार लागते. अशा प्रत्येक प्रकरणात पत्रकारांनी आणि नागरिकांनी दोन गोष्टी विचाराव्यात: २७अ कोणावर लागले, आणि ५९ साठी परवानगी मागितली का, मागितली असेल तर किती दिवसांत मिळाली.