पार्श्वभूमी: पर्जन्यविषयक ग्रंथांची परंपरा आणि मराठी वाचक

पावसावरच्या भारतीय ग्रंथांचा विचार करताना प्रथम कालिदास आठवतो, त्यामागे ऋग्वेदातले पर्जन्यसूक्त आठवते, आणि त्यामुळे ही परंपरा मुळात कवींची आहे असा समज सहज होतो. प्रत्यक्षात तिच्या आरंभी कवीइतकाच धान्याच्या कोठाराचा अधिकारीही उभा आहे. कौटिलीय अर्थशास्त्राच्या दुसऱ्या अधिकरणात कोठारात पाऊस मोजण्यासाठी एक अरत्नी, म्हणजे सुमारे हातभर रुंद तोंडाचे कुंड ठेवावे, असा स्पष्ट आदेश आहे. शेतीखात्याचा प्रमुख असलेल्या सीताध्यक्षाच्या कामांची यादी देताना तर प्रदेशवार आकडेच दिले आहेत: कोरड्या जांगल प्रदेशात सोळा द्रोण (द्रोण हे धान्य-पाणी मोजण्याचे जुने माप), पाणथळ प्रदेशात त्याच्या दीडपट, अश्मकांच्या देशात साडेतेरा द्रोण, अवंतीत, म्हणजे माळव्यात, तेवीस, आणि अपरान्तात व हिमालयाच्या बाजूला अमित. अश्मक म्हणजे गोदावरीकाठचा प्रदेश आणि अपरान्त म्हणजे कोकणपट्टी हे लक्षात घेतले, तर आजच्या पर्जन्यमानाच्या नकाशावर मराठवाडा आणि कोकण यांच्यात दिसणारी तफावत या जुन्या यादीतही दिसते. एकूण पावसाचा एक तृतीयांश पहिल्या व शेवटच्या महिन्यांत मिळून आणि दोन तृतीयांश मधल्या दोन महिन्यांत पडला, तर वर्ष उत्तम समजावे, असेही हा ग्रंथ सांगतो. मोसमात पाऊस किती पडला याइतकेच तो केव्हा पडला हेही महत्त्वाचे, ही जाणीव त्यात आहे, आणि आजच्या शेतकऱ्याला ती नव्याने सांगावी लागणार नाही.

हा ग्रंथ मात्र दीर्घकाळ दृष्टिआड राहिला. विसाव्या शतकाच्या आरंभी म्हैसूरला त्याची पोथी आर. शामशास्त्री यांच्या हाती आली आणि १९०९ साली तो छापला गेला, त्यामुळे मधल्या शतकांत पर्जन्यविचाराचा मुख्य आधार ठरली ती वराहमिहिराची बृहत्संहिता. सहाव्या शतकातल्या या ग्रंथात एकविसाव्यापासून अठ्ठाविसाव्यापर्यंतचे आठ अध्याय पावसाला दिले आहेत. अन्न हा जगाचा प्राण आहे आणि अन्न पावसाळ्यावर अवलंबून आहे, म्हणून पावसाळ्याची परीक्षा प्रयत्नपूर्वक करावी, अशी त्यांची सुरुवात आहे. पुढची मांडणी मेघगर्भाच्या कल्पनेवर उभी आहे: मार्गशीर्षापासून वारा, ढग, वीज, गडगडाट यांची जी लक्षणे दिसतात ती पावसाची गर्भधारणा होय, आणि १९५ दिवसांनी तो गर्भ प्रसवतो. आजच्या विज्ञानाला हे कोष्टक मान्य होणार नाही. तरीही हिवाळ्यातल्या स्थितीवरून उन्हाळ्यानंतरच्या पावसाचा अंदाज बांधण्याची धडपड त्यात आहे, आणि एकोणिसाव्या शतकात हिमालयातल्या बर्फावरून मान्सूनचा अंदाज काढणाऱ्यांचीही मूळ धडपड हीच होती.

याच ग्रंथातल्या सद्योवर्षण अध्यायाला पर्जन्यसाहित्यात तोड नाही, असे माझे मत आहे. पाऊस अगदी तोंडावर आला हे कशावरून ओळखावे, याची ती यादी आहे. मुंग्या आपली अंडी दुसरीकडे हलवतात, मांजरे नखांनी जमीन उकरतात, लोखंडावर गंज चढून त्याला उग्र वास येतो, आणि रस्त्यात मुले मातीचे बांध घालू लागतात. ज्योतिषाच्या जडजंबाल ग्रंथात, गंजलेल्या लोखंडाच्या शेजारी, गल्लीत खेळणाऱ्या पोरांना पर्जन्यसूचक म्हणून जागा मिळावी, हे निरीक्षण टिपणाऱ्याच्या नजरेचे श्रेय आहे. लहान मुले आणि पाऊस यांचा ग्रंथातला संबंध बालगीतांपेक्षा पुष्कळच जुना आहे तो असा.

कृषिपराशर या शेतीविषयक संस्कृत ग्रंथाच्या काळाबद्दल मतभेद आहेत, पण त्याचा रोख स्पष्ट आहे: सारी शेती पावसावर उभी आहे, म्हणून आधी पावसाचे ज्ञान मिळवावे. त्यात आवर्त, संवर्त, पुष्कर आणि द्रोण असे मेघांचे चार प्रकार सांगितले आहेत. यांपैकी दोन नावे मेघदूतात भेटतात, कारण यक्ष ढगाची स्तुती करताना, तू पुष्करावर्तकांच्या विख्यात कुळात जन्मलास, असे म्हणतो. त्याच्या आदल्याच श्लोकात कालिदासाने ढग म्हणजे धूर, तेज, पाणी आणि वारा यांचा समुच्चय, असे सांगून टाकले आहे आणि असल्या निर्जीव गोष्टीला निरोप्या करणाऱ्या विरही माणसाकडे सहानुभूतीने पाहिले आहे. ज्या काव्याचा रामगिरी हा नागपूरजवळचा रामटेक मानला जातो, त्या काव्याला ढग कशाचा बनतो हे ठाऊक होते. शास्त्र आणि काव्य यांची फारकत तेव्हा आजच्याइतकी झालेली नव्हती.

मराठी मुलखात सामान्य माणसाचे पावसाचे पुस्तक म्हणजे पंचांग. एकोणिसाव्या शतकात मुंबईला गणपत कृष्णाजींच्या छापखान्यातून छापील पंचांगे निघू लागली आणि जे ज्ञान जोशीबुवांच्या तोंडून ऐकावे लागे ते घरोघरी आले. सूर्य मृग नक्षत्रात साधारण ७ किंवा ८ जूनला जातो. तिथून आर्द्रा, पुनर्वसू, पुष्य असे करत हस्त, चित्रा, स्वातीपर्यंतचे पावसाळी वेळापत्रक पंचांगात असते, आणि प्रत्येक नक्षत्राला एक वाहन असते. सूर्याच्या नक्षत्रापासून चंद्राच्या नक्षत्रापर्यंत मोजून आलेल्या संख्येला नवाने भागायचे आणि उरलेल्या बाकीवरून घोडा, कोल्हा, बेडूक, मेंढा, मोर, उंदीर, म्हैस, गाढव किंवा हत्ती ठरवायचा, इतकी ही रीत सोपी आहे. बेडूक, म्हैस किंवा हत्ती आला की पाऊस चांगला. या गणितात हवेचा संबंध कुठेच येत नाही, हे खरे आहे. पण नक्षत्रांचे वेळापत्रक आणि वाहनांचे भाकीत यांत फरक केला पाहिजे, कारण पहिल्याला सौर कालगणनेचा आधार आहे आणि पेरणीची कामे त्या हिशेबाने लावता येतात. सहदेव-भाडळीच्या नावावर चालणारी वचने आणि ‘पडल्या स्वाती तर पिकतील मोती’ यांसारख्या म्हणी याच वेळापत्रकावर टांगलेल्या आहेत.

इंग्रजी अमदानीत पावसाचे ज्ञान वेगळ्या वाटेने गेले. मुंबईत कुलाब्याची वेधशाळा ईस्ट इंडिया कंपनीने १८२६ साली उभारली होती. ‘सायक्लोन’ हा शब्द घडवणाऱ्या हेन्री पिडिंग्टनचे खलाशांसाठीचे पुस्तक १८४८ साली निघाले. कलकत्त्याला १८६४ साली मोठे चक्रीवादळ झाले, १८६६ आणि १८७१ साली पाऊस फसला, आणि १८७५ साली भारतीय हवामानखाते स्थापन झाले. खात्याचे पहिले प्रमुख हेन्री ब्लॅनफर्ड यांनी १८७७ साली निरीक्षकांसाठी मार्गदर्शक ग्रंथ लिहिला आणि १८८९ साली भारत, सिलोन व ब्रह्मदेश यांच्या हवामानावर सर्वसामान्य वाचकासाठी पुस्तक काढले. हिमालयातल्या बर्फावर आधारलेला मोसमी अंदाज त्यांनी १८८६ पासून नियमित द्यायला सुरुवात केली. त्यांच्यानंतर आलेल्या जॉन इलियट यांच्या कारकिर्दीत १८९९ साली चांगल्या पावसाचे भाकीत झाले आणि पडला तो भीषण दुष्काळ. पुढे केंब्रिजचे गणिती गिल्बर्ट वॉकर १९०४ ते १९२४ या काळात खात्याचे प्रमुख होते. जगभरच्या ठिकाणांचा हवेचा दाब, तापमान आणि पाऊस यांच्या आकड्यांतून परस्परसंबंध शोधत त्यांनी दक्षिणी आंदोलनाची (सदर्न ऑसिलेशन), म्हणजे पॅसिफिक आणि हिंदी महासागरांवरचा हवेचा दाब एकमेकांच्या उलट वरखाली होत राहतो, ही कल्पना मांडली. ही सारी सामग्री खात्याच्या इंग्रजी प्रबंधमालिकांत छापली गेली.

मराठीच्या दृष्टीने कळीची गोष्ट इथेच घडली असे म्हणता येईल. १९२८ साली खात्याचे मुख्यालय शिमल्याहून पुण्याला आले, आणि शिवाजीनगरच्या त्या दगडी इमारतीला पुणेकर आजही शिमला ऑफिस म्हणतात. १९६२ साली उष्णप्रदेशीय हवामानशास्त्राची संशोधनसंस्थाही पुण्यातच निघाली. म्हणजे देशाचे मान्सूनविषयक ज्ञान मराठी प्रकाशनाच्या राजधानीत, हाकेच्या अंतरावर घडत होते, पण त्याची भाषा इंग्रजी होती. खात्याचे ‘मौसम’ हे नियतकालिकही नाव देशी असले तरी शास्त्रज्ञांसाठीच आहे.

त्याच काळात मराठीतले पावसाचे साहित्य बहरत होते ते निराळ्या अंगाने. कृष्णशास्त्री चिपळूणकरांपासून चिंतामणराव देशमुख, कुसुमाग्रज, बा. भ. बोरकर आणि शांता शेळके यांच्यापर्यंत मेघदूताचे अनुवाद होत राहिले. रिझर्व्ह बँकेच्या पहिल्या भारतीय गव्हर्नरलाही आषाढाचा पहिला दिवस मराठीत आणावासा वाटला, यावरून त्या ओढीची कल्पना यावी. दुर्गा भागवतांचे ‘ऋतुचक्र’ १९५६ साली आले. मराठी महिन्यांच्या क्रमाने जाणाऱ्या या ललित निबंधांत झाडे, फुले, पाखरे आणि आभाळ यांचे निरीक्षण इतके बारीक आहे की निसर्गाभ्यासकानेही ते हाताशी ठेवावे. मुलांच्या वाट्याला ‘ये रे ये रे पावसा’ हे पैशाची लाच देऊन पाऊस बोलावणारे आणि वर तो पैसा खोटा निघाल्याचे सांगणारे गाणे आले, बालकवींचा श्रावण आला, आणि पाठ्यपुस्तकातली जलचक्राची आकृती आली.

या दोन टोकांमधली जागा हळूहळू भरू लागली ती १९६०च्या दशकानंतर. मराठी विज्ञान परिषद १९६६ साली स्थापन झाली. हवामानखात्याचे प्रमुखपद भूषवलेल्या पी. के. दास यांचे मान्सूनवरचे इंग्रजी पुस्तक नॅशनल बुक ट्रस्टने १९६८ साली सामान्य वाचकासाठी काढले. १९७१ साली बालभारतीचे ‘किशोर’ मासिक सुरू झाले. मराठी विश्वकोशाचा पहिला खंड १९७६ साली आला, आणि पुढच्या खंडांतून ढग, पर्जन्य, मॉन्सून वारे अशा विषयांवर सविस्तर, आकडेवारीसह मराठी नोंदी उपलब्ध झाल्या. विश्वकोशाचे काम वाईत चालले, हाही एक योगच. वाई पर्जन्यछायेत आहे, आणि तिथून जेमतेम बत्तीस किलोमीटरवर महाबळेश्वरला वर्षाला पाच हजार मिलिमीटरहून अधिक पाऊस पडतो. वाईला त्याचा चौथा हिस्साही पडत नाही.

मुलांसाठीच्या पुस्तकांत नेमकी ही गोष्ट कमी आढळते. जलचक्राच्या आकृतीतला समुद्र आणि डोंगर कुठलाही असू शकतो. घाटमाथ्यावर आदळलेला वारा वर चढताना थंड कसा होतो, आपले पाणी पश्चिम उतारावर कसे रिते करतो आणि पलीकडे उतरताना गरम व कोरडा का होतो, हे सह्याद्रीच्या नावानिशी सांगितले तर सातारा जिल्ह्यातल्या मुलाला ते आपल्या एसटीच्या प्रवासात पडताळून पाहता येईल. मोजणीचेही तसेच आहे. खात्याचे पर्जन्यमापक रोज सकाळी साडेआठला वाचले जाते, एक मिलिमीटर पाऊस म्हणजे एका चौरस मीटरवर एक लिटर पाणी, आणि २.५ मिलिमीटर किंवा त्याहून अधिक पाऊस झाला तरच तो दिवस पावसाचा धरला जातो. सरळ बाजूंचा डबा आणि मोजपट्टी घेऊन चौथीतल्या मुलाला हे शाळेच्या अंगणात करता येते. कौटिल्याच्या कोठारातल्या कुंडाला याहून फार काही लागत नव्हते.