दिवाणी अवमान आणि आदेशपालनातील दिरंगाई (इंदूर)

न्यायालयाचा निकाल, आदेश किंवा निर्देश जाणूनबुजून न पाळणे, अथवा न्यायालयाला दिलेली हमी जाणूनबुजून मोडणे, याला न्यायालय अवमान अधिनियम, 1971 च्या कलम 2 नुसार दिवाणी अवमान म्हणतात. वर्तमानपत्रांत गाजतो तो बहुधा फौजदारी अवमान, म्हणजे न्यायालयाची बदनामी किंवा कामात अडथळा. सामान्य माणसाचा संबंध येतो तो दिवाणी अवमानाशी, आणि तिथे समोर अनेकदा सरकारी खाते, महापालिका किंवा विद्यापीठ असते.

मध्य प्रदेश उच्च न्यायालयाचे मुख्य पीठ जबलपूरला असून इंदूर आणि ग्वाल्हेरला खंडपीठे आहेत. उज्जैन, देवास, धार, रतलाम या जिल्ह्यांतील प्रकरणेही इंदूरलाच येतात. अवमानाबद्दल शिक्षा करण्याचा उच्च न्यायालयाचा अधिकार संविधानाच्या अनुच्छेद 215 मधला आहे.

इंदूरच्या मराठी घरांत ‘कंटेम्प्ट लावली’ (अवमान याचिका केली), ‘पेशी पडली’ (सुनावणीची तारीख लागली) हे शब्द बहुतेक वेळा पेन्शनच्या बोलण्यात येतात. रामबागेतल्या एखाद्या निवृत्त शिक्षिकेची वेतननिश्चिती चुकली आहे असे समजा. रिट याचिकेवर, म्हणजे खात्याविरुद्ध थेट उच्च न्यायालयात केलेल्या याचिकेवर, आदेश होतो: प्रत मिळाल्यापासून 90 दिवसांत अर्जावर कारणांसह निर्णय घ्या. प्रमाणित प्रत अर्जासोबत कार्यालयाच्या आवक शाखेत द्यायची आणि आपल्याकडच्या प्रतीवर शिक्का, तारीख व सही घ्यायची. पुढे सगळा भार या एका कागदावर पडतो. आदेश अधिकाऱ्यापर्यंत पोहोचला होता हे त्यानेच दिसते, आणि ते दिसल्याशिवाय ‘जाणूनबुजून’ सिद्ध होत नाही.

मुदत उलटली की अवमान याचिका. तीत अधिकाऱ्याला पदासोबत नावानेही प्रतिवादी करतात, कारण शिक्षा भोगायची तर ती माणसानेच. तोवर त्याची बदली झालेली असते. नव्या अधिकाऱ्याचे नाव घालायला पुन्हा अर्ज, पुन्हा तारीख. अखेर नोटीस निघते आणि पेशीच्या तोंडावर खात्याचे पत्र येते: अर्ज विचारात घेतला, नामंजूर.

इथे अवमान याचिका बहुधा संपते. निर्णय चूक असला तरी तो वादाचे नवे कारण ठरतो, त्याला वेगळे आव्हान द्यावे लागते, असे सर्वोच्च न्यायालयाने जे. एस. परिहार प्रकरणात 1996 मध्ये सांगितले. कायद्याच्या दृष्टीने हे बरोबर आहे. पण सत्तरी ओलांडलेल्या माणसाला पुन्हा पहिल्या पायरीवर उभे करणे हा अन्यायच आहे, आणि उशीर करणाऱ्याला त्याची झळ सहसा लागत नाही.

कमाल शिक्षा सहा महिने साधी कैद, 2,000 रुपये दंड किंवा दोन्ही. दंडाची ही मर्यादा 1926 च्या कायद्यातही एवढीच होती. मनापासून मागितलेली माफी स्वीकारून न्यायालय शिक्षा टाळू शकते, आणि बहुतेक प्रकरणे शिक्षेपर्यंत जातच नाहीत. अपवाद आहेत. आरागिरण्यांना परवानगी देऊन आदेश मोडल्याबद्दल महाराष्ट्राचे मंत्री स्वरूपसिंग नाईक आणि प्रधान सचिव अशोक खोत यांना 2006 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने एक महिन्याची कैद दिली. अधिकाऱ्यांना ऊठसूट प्रत्यक्ष हजर राहायला लावू नये, अशी कार्यपद्धतीही त्याच न्यायालयाने जानेवारी 2024 मध्ये घालून दिली.

‘आम्ही अपील केले आहे’ हे खात्यांचे नेहमीचे उत्तर. नुसत्या अपिलाने आदेश थांबत नाही, स्थगिती मिळावी लागते. मात्र त्या उत्तरावर विसंबून थांबणारा अर्जदार अडचणीत येतो, कारण कलम 20 नुसार अवमान घडल्यापासून एका वर्षाच्या आत कारवाई सुरू व्हावी लागते.

अवमानाची सुनावणी करणारे न्यायालय मूळ आदेशात नसलेले काही नव्याने देत नाही. उशिराबद्दलचे व्याजही मूळ आदेशात नसेल तर तिथे मिळत नाही. म्हणून रक्कम, मुदत आणि व्याजाचा दर या तिन्ही मागण्या पहिल्या रिट याचिकेतच स्पष्ट लिहाव्या लागतात.