मधाची कँडी बिनसाखरेची नसते

‘साखरेऐवजी मध घातला की घरची आइस कँडी कितीही खा, बाधत नाही’ हे दर उन्हाळ्यात कानावर येतं. त्यात तथ्य नाही. मधात वजनाच्या सुमारे ८० टक्के साखरच असते, मुख्यतः फ्रुक्टोज आणि ग्लुकोज. उरलेलं बहुतेक पाणी. जागतिक आरोग्य संघटनेच्या २०१५ च्या मार्गदर्शक सूचनांनी मध आणि फळांचा रस यांतली साखर वरून घातलेल्या साखरेच्याच पंगतीत बसवली आहे. अख्ख्या फळातली मात्र नाही.

साखर नुसती काढून टाकली तर कँडी दगड होते, कारण पाण्याचा गोठणबिंदू खाली आणून बर्फ मऊ ठेवण्याचं कामही तीच करते. त्यापेक्षा चांगल्या पिकलेल्या केळ्याच्या चकत्या गोठवा आणि मिक्सरमधून फिरवा. आधी नुसता भुगा दिसेल (इथेच बरेच जण हात टेकतात). भांड्याच्या कडा खरवडून पुन्हा फिरवा, मऊसूत आइस्क्रीम तयार होतं. थंडीत जिभेला गोडी कमी लागते, म्हणून केळं कमी पिकलेलं नको.

आणि एक वर्षाखालच्या बाळाला मध अजिबात नको, गोठवलेलाही नाही. मधात कधीकधी बोट्युलिझम या गंभीर विषबाधेच्या जंतूंचे बीजाणू असतात, आणि ते फ्रीझरमध्ये मरत नाहीत.