परदेशातला प्रयोग आणि मुंबईचं प्रमाणपत्र

नागपुरात राज्य नाट्य स्पर्धेची प्राथमिक फेरी जवळ आली की तालमीच्या जागी एक प्रश्न हमखास ऐकू येतो : ‘सेन्सॉर झालं का?’ संहिता मुंबईला रंगभूमी प्रयोग परिनिरीक्षण मंडळाकडे गेलेली असते आणि प्रमाणपत्र हाती पडेपर्यंत दिग्दर्शकाचा जीव टांगणीला लागलेला असतो. या सवयीतून आपल्या नाटकवाल्यांचा एक समज पक्का झाला आहे : प्रमाणपत्र मिळालं की नाटक सुरक्षित. परदेशातल्या महाराष्ट्र मंडळाचं बोलावणं आलं तरी हाच समज कायम असतो. माझ्या मते तो धोक्याचा आहे.

संहिता आधी तपासायची आपल्याला इतकी सवय कशी झाली? १८७६ साली कलकत्त्याच्या रंगभूमीवर एक प्रहसन झालं. प्रिन्स ऑफ वेल्सला आपल्या घरच्या बायकांच्या भेटीला नेणाऱ्या एका वकिलाची त्यात खिल्ली होती. सरकार चिडलं, आधी वटहुकूम निघाला आणि वर्षाअखेरीस नाट्यप्रयोग कायदा आला. बदनामीकारक, राजद्रोही किंवा अश्लील वाटेल ते नाटक बंद करण्याचा अधिकार सरकारला मिळाला. मराठीत त्या काळच्या दडपशाहीचं ठळक उदाहरण म्हणजे खाडिलकरांचं ‘कीचकवध’. प्रेक्षकांना कीचकात लॉर्ड कर्झन दिसला आणि १९१० मध्ये नाटकावर बंदी आली. हा कायदा संसदेने २०१८ मध्ये रद्द केला. महाराष्ट्रातली पूर्वतपासणी मात्र १९५१च्या मुंबई पोलीस कायद्याखालच्या नियमांवर उभी असल्याने तिला धक्का लागला नाही. आपण नागपूरकर १९५६ पर्यंत मध्य प्रदेशात होतो. मुंबई राज्यात आल्यावर आपल्या संहितांनाही मुंबईची वाट धरावी लागली.

सत्तरचं दशक या तपासणीशी झगडण्यात गेलं. विजय तेंडुलकरांच्या १९७०च्या ‘गिधाडे’ नाटकात गर्भपातानंतर माणिकच्या पातळावर दिसणारा रक्ताचा लाल डाग सेन्सॉरला खटकला. डॉ. श्रीराम लागूंनी डाग निळा केला आणि तो लाल समजावा, असं प्रेक्षकांना आधीच सांगून टाकलं. ‘सखाराम बाइंडर’साठी दिग्दर्शक कमलाकर सारंग उच्च न्यायालयात गेले आणि जिंकले. आपल्या महेश एलकुंचवारांच्या ‘वासनाकांड’लाही सेन्सॉरने अडवलं. ‘घाशीराम कोतवाल’ परदेशी जाऊ नये म्हणून तर महाराष्ट्रातच मोठा विरोध झाला. तरी १९८० मध्ये ते युरोपात गेलं.

या सगळ्या लढाया पडदा उघडण्याआधीच्या. परदेशात धोका बहुतेक वेळा पडदा पडल्यानंतर सुरू होतो.

ब्रिटनचंच बघा. तिथे १७३७ पासून लॉर्ड चेंबरलेन या राजदरबारी अधिकाऱ्याचं कार्यालय नाटकं वाचून परवाने देत असे. १९६८च्या नाट्यकायद्याने ही पूर्वतपासणी बंद झाली. अश्लीलतेचा खटला भरायचा तर ॲटर्नी जनरलची संमती हवी, असं संरक्षणही मिळालं. तरीही १९८० मध्ये नॅशनल थिएटरने ‘द रोमन्स इन ब्रिटन’ केलं आणि रोमन सैनिक एका तरुण पुजाऱ्यावर बलात्कार करू पाहतो, त्या प्रसंगावरून नीतिरक्षणाच्या मोहिमा चालवणाऱ्या मेरी व्हाइटहाउस यांनी खासगी खटला भरला. नाट्यकायद्याखाली संमती मिळेना, म्हणून त्यांनी लैंगिक गुन्ह्यांच्या १९५६च्या कायद्याचा आधार घेतला. आरोपी कोण, तर दिग्दर्शक मायकेल बोग्दानोव. लेखकाला सोडून थेट प्रसंग बसवणाऱ्या माणसालाच धरलं होतं. १९८२ मध्ये लंडनच्या ओल्ड बेली न्यायालयात खटला उभा राहिला. हा कायदा रंगमंचावरच्या कृतीलाही लागू होऊ शकतो, असं न्यायाधीशांनी म्हटलं. मग फिर्यादीच्या मुख्य साक्षीदाराने नाटक पार मागच्या रांगेत बसून पाहिल्याचं उलटतपासणीत बाहेर आलं. त्याला दिसलं ते नटाचं लिंग होतं की अंगठा, असा प्रश्न उभा राहिला आणि खटला कोसळला. बोग्दानोव सुटले, पण त्याआधी तुरुंगाची टांगती तलवार डोक्यावर घेऊन त्यांना महिनोन्‌महिने काढावे लागले, आणि तेही सेन्सॉर नसलेल्या देशात.

आखातात तर गोष्ट याहून कठोर. १९९२ मध्ये शारजात राहणाऱ्या भारतीय कलावंतांनी ‘शवंतीनी उरुंबुकळ्’ हे मल्याळी नाटक केलं. धर्माचा अवमान झाला असं ठरलं आणि त्यांना सहा वर्षांच्या कैदेची शिक्षा झाली. हौशी मंडळी होती ती. आपल्याकडे नोकरी सांभाळून संध्याकाळी तालमीला येतात तशीच. संयुक्त अरब अमिरातीत २०१५च्या कायद्याने धर्माचा अवमान हा गुन्हा आणखी स्पष्ट शब्दांत मांडला गेला. त्या न्यायालयापुढे मुंबईच्या प्रमाणपत्राला काडीचीही किंमत नाही.

तसं पाहिलं तर ते प्रमाणपत्र इथेही पूर्ण कवच नाही. धार्मिक भावना दुखावल्याची तक्रार भारतीय न्याय संहितेच्या कलम २९९ खाली प्रमाणपत्र असतानाही होऊ शकते. ‘मी नथुराम गोडसे बोलतोय’वर १९९८ मध्ये राज्य सरकारनेच बंदी घातली; ती उठायला उच्च न्यायालयाचा २००१चा निकाल यावा लागला. इथे निदान ओळखीचा वकील आणि आपली भाषा हाताशी असते. परक्या देशात कोठडीत बसलेल्या नटाकडे दोन्ही नसतं. म्हणून दौऱ्याचा करार करतानाच तीन गोष्टी लेखी हव्यात : तिथला परवाना कोणाच्या नावावर निघणार, संहितेचं भाषांतर तिथल्या वकिलाला कोण दाखवणार, आणि खटला झालाच तर खर्च कोणाचा. विमानाच्या तिकिटांचं आणि राहण्याजेवणाचं बोलणं त्यानंतर करावं.