सहारखालचं मेट्रो स्थानक आणि खान्देशची वाट

जळगाव ते मुंबई सीएसएमटी हे रेल्वेचं अंतर ४२० किलोमीटर. संध्याकाळी किंवा रात्री गाडीत बसायचं, आडवं व्हायचं, पहाटे उतरायचं. या प्रवासाची खान्देशी माणसाला सवय आहे. खरी परीक्षा उतरल्यानंतर सुरू व्हायची, कारण विमानतळ सहारला आणि आपली गाडी थांबणार दादर नाहीतर बोरीबंदरला. मधल्या अंतराला किती वेळ लागेल हे टॅक्सीवालाही छातीठोकपणे सांगू शकत नसे. त्यामुळे दुबईला निघालेला धुळ्याचा कारागीर असो, अमेरिकेला शिकायला चाललेली चोपड्याची मुलगी असो की हजला निघालेलं वरणगावचं कुटुंब असो, घरचे विमानाच्या वेळेतून आधी पाच-सहा तास वजा करायचे आणि मगच गाडीचं आरक्षण बघायचे.

९ ऑक्टोबर २०२५ पासून मुंबईची मेट्रो-३ कफ परेड ते आरे अशी पूर्ण लांबीने धावू लागली. ३३.५ किलोमीटर, २७ स्थानकं, आणि आरे सोडलं तर सगळी जमिनीखाली. त्यांतली दोन थेट विमानतळाच्या नावाची आहेत, टर्मिनल १ आणि टर्मिनल २. सीएसएमटीलाही तिचं स्थानक आहे. म्हणजे भुसावळकडून येणारी गाडी जिथे शेवट करते तिथूनच आता रूळ पुढे विमानतळापर्यंत गेले आहेत. हे व्हायला इतकी वर्षं का लागली, हा या टिपणाचा विषय.

विमानतळ आणि रेल्वे यांची गाठ घालण्याची कल्पना नवी नाही. बर्लिनच्या टेम्पलहोफ विमानतळाला १९२७ मध्येच भुयारी रेल्वेचं स्थानक मिळालं होतं. लंडनला मात्र हीथ्रोपर्यंत पिकॅडिली मार्ग न्यायला डिसेंबर १९७७ उजाडला, तोवर तिथून नागरी विमानं उडायला तीस वर्षं होऊन गेली होती. मोठ्या शहरांतही हाच क्रम दिसतो: आधी धावपट्टी, मग टर्मिनल, मग रस्ता, मग रस्त्यावरची कोंडी, आणि सगळ्यात शेवटी रेल्वे. विमानतळ बांधणारं खातं वेगळं, रेल्वे चालवणारं वेगळं, शहर सांभाळणारं आणखी वेगळं. प्रवासी मात्र एकच असतो आणि त्याला तिन्हींच्या हद्दी ओलांडाव्या लागतात.

मुंबईत हे जरा जास्तच झालं. १५ ऑक्टोबर १९३२ रोजी जे. आर. डी. टाटा कराचीहून टपाल घेऊन उतरले ते जुहूला. जुहूची ती जागा पावसाळ्यात चिखलात जायची, म्हणून टाटांना त्या महिन्यांत विमानं पुण्याहून चालवावी लागत. दुसऱ्या महायुद्धाच्या काळात सांताक्रूझला लष्करी धावपट्टी मोठी झाली आणि युद्धानंतर नागरी वाहतूक तिकडे सरकली. पुढे १९८० च्या दशकाच्या आरंभी आंतरराष्ट्रीय विमानांसाठी सहारला वेगळं टर्मिनल आलं. आजही आपल्याकडे ‘सांताक्रूझ’ म्हटलं की देशातलं विमान आणि ‘सहार’ म्हटलं की परदेश, असंच जुनी माणसं बोलतात.

गंमत अशी की या विमानतळाच्या पश्चिमेला विलेपार्ले आणि अंधेरी ही स्थानकं आधीपासूनच होती. देशातल्या सर्वांत गजबजलेल्या लोकलपासून टर्मिनल जेमतेम दोन-चार किलोमीटरवर होतं. पण लोकलमधून उतरून, सुटकेस डोक्यावर घेऊन, जिना चढून रिक्षा गाठणं आणि विमानतळाशी जोडलेलं असणं यांत फरक आहे. तो फरक सरकारी नकाशात दिसत नाही, सोबत म्हातारी आई असली की दिसतो. त्यात मध्य रेल्वेने येणाऱ्याला दादरला पूल ओलांडून पश्चिम रेल्वेवर जावं लागायचं ते वेगळंच. दक्षिण मुंबईत रिक्षा चालत नाही, त्यामुळे सीएसएमटीहून सामानासह थेट निघायचं तर टॅक्सीच करावी लागायची. हज हाऊस सीएसएमटीच्या अगदी शेजारी आहे, त्यामुळे खान्देशातले किती यात्रेकरू वर्षानुवर्षं हाच रस्ता धरून सहारला गेले असतील!

८ जून २०१४ रोजी वर्सोवा-अंधेरी-घाटकोपर ही मुंबईची पहिली मेट्रो सुरू झाली तेव्हा एक तोडगा सापडला. तिच्यावर एअरपोर्ट रोड नावाचं स्थानक होतं. ते विमानतळात नव्हतं, रस्त्यावरच्या खांबांवर होतं. पण ठाण्याला एक्स्प्रेस सोडायची, लोकलने घाटकोपर, तिथून मेट्रो आणि शेवटी रिक्षा, हा मार्ग ज्यांना कळला त्यांनी टॅक्सीचे बरेच पैसे वाचवले. त्याच वर्षी फेब्रुवारीत सहारचं नवं टर्मिनल २ वापरात आलं होतं. पांढऱ्या खांबांचं ते भव्य छत पाहून सगळे हरखले, आणि रेल्वेचं स्थानक मात्र त्यानंतर दहा वर्षांनी आलं.

मेट्रो-३ चा विचार त्याच्या बराच आधीचा. दिल्ली मेट्रोच्या मदतीने २००४ च्या सुमारास मुंबईसाठी नऊ मार्गांचा, सुमारे १४६ किलोमीटरचा बृहत् आराखडा झाला. त्यात कुलाब्याहून उत्तरेकडे येणारी भुयारी रेषा होती, पण ती वांद्र्याहून चारकोपकडे वळत होती. विमानतळाखालून जाणं तिच्या नशिबात तेव्हा नव्हतं. पुढे रेषा बदलत गेल्या. चारकोप-वांद्रे-मानखुर्द असा वेगळा मार्ग खासगी कंपनीला देण्यात आला. त्याचं भूमिपूजन ऑगस्ट २००९ मध्ये राष्ट्रपती प्रतिभाताई पाटील यांच्या हस्ते झालं. आपल्या जळगावच्या लेकीने पायाभरणी केलेला तो मार्ग त्या रूपात कधीच झाला नाही. २०१४ मध्ये करारच रद्द झाला. कुलाबा-वांद्रे या रेषेला मात्र विमानतळ आणि सीप्झ या अंधेरीतल्या उद्योग वसाहतीचं शेपूट जोडलं गेलं, आणि माझ्या मते त्या शेपटानेच तिला तारलं. वांद्र्याला संपणारी मेट्रो ही शहरातल्या शहरात फिरणाऱ्यांची राहिली असती. विमानतळ आल्यावर ती बाहेरगावच्यांचीही झाली.

२०१३ मध्ये केंद्राची मंजुरी आणि जपानच्या जायका संस्थेचं कर्ज, दोन्ही मिळालं. तेव्हा खर्चाचा अंदाज २३,१३६ कोटी रुपये होता. शेवटी तो ३७ हजार कोटींच्या पुढे गेला. मधल्या काळात आरेच्या कारशेडवरून जे घडलं ते सर्वांना आठवत असेल: ऑक्टोबर २०१९ मधली रातोरात झाडतोड, सर्वोच्च न्यायालयाची स्थगिती, २०२० मध्ये कारशेड कांजूरमार्गला हलवण्याचा निर्णय, तिथेही उच्च न्यायालयाची स्थगिती, आणि २०२२ मध्ये सरकार बदलल्यावर पुन्हा आरे. कोणाची बाजू घ्यायची ते घ्या. पण गाड्या ठेवायला जागाच ठरत नव्हती तोवर खालचं भुयार वापरात येणं शक्य नव्हतं, हेही खरं.

भुयाराची गोष्ट मात्र सविस्तर सांगण्यासारखी आहे. विमानतळाजवळ खांबांवरची मेट्रो नेणं अवघड असतं, कारण विमानं उतरतात त्या पट्ट्यात बांधकामाच्या उंचीवर कडक बंधनं असतात. दक्षिणेकडे गिरगाव-काळबादेवीत रस्ताच इतका अरुंद की खांब रोवायला जागा नाही. म्हणून सगळंच जमिनीखाली, साधारण वीस-पंचवीस मीटर खोल. वरून उकरून स्थानकं बांधायची आणि दोन स्थानकांमधलं भुयार यंत्राने पोखरायचं, अशी साधारण पद्धत होती. अशी १७ यंत्रं लागली. सप्टेंबर २०१८ मध्ये मरोळच्या बाजूने निघालेलं यंत्र खडक फोडून टर्मिनल २ च्या स्थानकाच्या खड्ड्यात बाहेर आलं. संपूर्ण मार्गावर भुयार आरपार होण्याची ती पहिली वेळ होती. म्हणजे ज्या विमानतळाला मूळ आराखड्यात जागा नव्हती, तिथेच आधी उजेड पडला.

खाली लागला तो दख्खनचा काळा खडक. सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वी लाव्हाचे थर साचून झालेला हा बेसाल्ट आपल्याला नवा नाही. अजिंठ्याची लेणी त्याच्यातच कोरली आहेत आणि जामनेर-पाचोऱ्याकडे विहीर खोदताना सुरुंग लावावे लागतात तेही त्याच्यामुळेच. विहीर खणणाऱ्याला ठाऊक असतं की घट्ट पाषाण लागला तर काम हळू होतं, पण दरड कोसळण्याची भीती नसते. मऊ मुरूम लागला की धाकधूक सुरू होते. मुंबईतही कठीण बेसाल्टच्या मध्ये मऊ थर येतात, शिवाय समुद्र आणि मिठी नदीचं पाणी. धारावी आणि बीकेसी, म्हणजे वांद्रे-कुर्ला संकुल, यांच्या पट्ट्यात हे भुयार मिठीच्या पात्राखालून जातं. यंत्रांना महाराष्ट्रातल्या नद्यांची नावं दिली होती, गोदावरी, कृष्णा, वैनगंगा, आणि हो, तापीसुद्धा. भुसावळच्या पुलावरून रोज तापी पाहणाऱ्यांना मुंबईच्या पोटात तापी चालली होती हे ऐकून बरं वाटेल. नोव्हेंबर २०२२ पर्यंत सगळी भुयारं आरपार झाली.

प्रवासी वाहतूक तीन टप्प्यांत सुरू झाली. ऑक्टोबर २०२४ मध्ये आरे ते बीकेसी, मे २०२५ मध्ये आचार्य अत्रे चौकापर्यंत, आणि ऑक्टोबर २०२५ मध्ये कफ परेडपर्यंत. विमानतळाची दोन्ही स्थानकं पहिल्याच टप्प्यात उघडली. पण बीकेसीला आपली कोणतीच एक्स्प्रेस थांबत नाही, त्यामुळे वर्षभर ती खान्देशी माणसाच्या फारशी कामाची नव्हती. मधल्या काळात, २६ मे २०२५ च्या पावसात, नुकतंच उघडलेलं आचार्य अत्रे चौक स्थानक पाण्याने भरलं. तिसऱ्या टप्प्यात सीएसएमटी जोडलं गेलं तेव्हा कुठे आपला धागा जुळला.

तरी एक सांगतो. नकाशावर सीएसएमटीहून सरळ मेट्रो दिसते म्हणून प्रत्येकाने शेवटपर्यंत जाऊ नये. भुसावळ-जळगाव-चाळीसगावकडून येणाऱ्याला टर्मिनल २ च गाठायचं असेल तर गाडी ठाण्याला थांबते का ते आधी बघावं. ठाण्याहून लोकलने घाटकोपर, तिथून पहिल्या मेट्रोने मरोळ नाका, आणि मरोळ नाक्याला खाली उतरून मेट्रो-३ ने फक्त एक स्थानक. सामान कमी असेल तर हा मार्ग जवळचा आहे. सामान जास्त असेल तर मात्र सीएसएमटी बरं, कारण तिथे गाडी रिकामी होते, धक्काबुक्की नसते, आणि मेट्रो समोरच आहे. दादरचं मेट्रो स्थानक रेल्वेला खेटून नाही. पश्चिमेच्या बाजारातून बॅगा ओढत चालावं लागतं. खान्देश एक्स्प्रेसने नंदुरबार-अमळनेरकडून येणाऱ्यांनी याचा विचार करून ठेवावा. धुळ्याची बरीच मंडळी आग्रा रस्त्याने खासगी बसने येतात, त्यांनाही ठाणे-घाटकोपरचाच पर्याय सोयीचा. भाडं १० ते ७० रुपयांत आहे, टॅक्सीशी तुलनाच नको.

इथे कोणी विचारेल, जळगावला स्वतःचं विमानतळ असताना ही उठाठेव कशाला? प्रश्न रास्त आहे. कुसुंब्याजवळच्या आपल्या विमानतळाचं नूतनीकरण होऊन मार्च २०१२ मध्ये उद्घाटन झालं, तेही प्रतिभाताईंच्याच हस्ते. त्यानंतर साडेपाच वर्षांहून अधिक काळ नियमित विमानाची वाट पाहिली. ‘उडान’ योजनेत डिसेंबर २०१७ मध्ये मुंबईचं विमान आलं आणि काही महिन्यांत बंद पडलं. सप्टेंबर २०१९ मध्ये दुसऱ्या कंपनीने पुन्हा सुरुवात केली, तीही टिकली नाही. २०२४ मध्ये गोवा, हैदराबाद, पुणे आणि मुंबई अशी विमानं लागली तेव्हा जरा जीव आला. पण छोटं विमान, मोजक्या जागा आणि आठवड्याचे ठरावीक वार यांवर परदेशी जाणाऱ्याने जोडविमान बेतायचं म्हणजे जीव टांगणीला. आणि देशाबाहेर जायचं तर अजूनही सहारच गाठायचं आहे. विमानतळ बांधणं सोपं, त्याला गाडीसारखं वेळापत्रक मिळवून देणं कठीण, हे जळगावकरांनी सगळ्यात आधी अनुभवलं.

दिल्लीकरांनी उलट बाजू अनुभवली. तिथे फेब्रुवारी २०११ मध्ये खास विमानतळासाठीच वेगळी वेगवान मेट्रो सुरू झाली. शहरातल्या स्थानकावरच बॅग जमा करायची सोय, झकपक डबे. पण दीड वर्षाच्या आत, जुलै २०१२ मध्ये, पुलांतल्या दोषांमुळे ती बंद ठेवावी लागली, आणि २०१३ मध्ये चालवणारी खासगी कंपनीच बाहेर पडली. ती सरकारी दिल्ली मेट्रोने हाती घेतली, भाडं उतरवलं, मग ती रुळली. मुंबईने वेगळी विमानतळ-गाडी काढलीच नाही. विमानतळ हे साध्या मेट्रोवरचं एक स्थानक ठेवलं. यात बॅगांना खास जागा मिळत नाही आणि सकाळी सीप्झला कामावर निघालेल्यांच्या गर्दीत तुम्ही दोन सुटकेससह उभे असता. पण गाडी विमानांच्या प्रवाशांवर अवलंबून नाही, त्यामुळे ती बंद पडण्याची भीतीही नाही. मला मुंबईची निवड पटते.

अडचणी आहेत. स्थानकातून वर आलं म्हणजे टर्मिनलच्या दारात उभं राहिलो असं होत नाही, पुढचं अंतर कापावंच लागतं. मेट्रो सुरू झाल्यावर बराच काळ भुयारात मोबाईलला रेंज नसल्याची ओरड होती, म्हणून तिकीट आणि पासपोर्टच्या प्रती कागदावर असलेल्या बऱ्या. पुढचे मार्गही ठरलेले आहेत. अंधेरीहून टर्मिनल २ ला येणारी ७-अ आणि तिथून नवी मुंबई विमानतळाकडे जाणारी मेट्रो-८. नवी मुंबई विमानतळाचं उद्घाटन ८ ऑक्टोबर २०२५ रोजी झालं, मेट्रो-३ च्या शेवटच्या टप्प्याच्या उद्घाटनाच्या दिवशीच, आणि डिसेंबरअखेर तिथून विमानं उडू लागली. कल्याणला उतरणाऱ्याला ते सहारपेक्षा फार लांब नाही. पण तिथेही विमानतळ आधी आला आणि मेट्रो अजून कागदावर आहे.

सहारची मेट्रो रात्री साडेदहाच्या सुमारास शेवटची गाडी सोडते आणि पहाटे सहाच्या आसपास पुन्हा सुरू होते. आखाताकडची बरीच विमानं नेमकी याच मधल्या वेळेत सुटतात. त्यासाठी दुपारी जळगावहून निघणारी गाडी धरून दहाच्या आत सीएसएमटीला पोहोचायचं, किंवा टॅक्सी सांगून ठेवायची.