स्तेफाना (ग्रीक ऑर्थोडॉक्स लग्नातले मुकुट)

स्तेफाना म्हणजे ग्रीक ऑर्थोडॉक्स (पूर्वेकडचा ख्रिस्ती पंथ) लग्नात नवरा-नवरी दोघांच्याही डोक्यावर ठेवतात ते मुकुट, एकाच रिबिनीनं एकमेकांना जोडलेले. पूर्वी पानाफुलांचे असायचे, आता मेणाची फुलं, मोती, चांदी सगळं चालतं. २००२ च्या 'माय बिग फॅट ग्रीक वेडिंग' या कॉमेडीमुळे ग्रीक लग्न म्हटलं की शिकागोतलं ते भलंमोठं खानदान, नजर लागू नये म्हणून थू-थू करणं, जेवणावळी नि नाच एवढंच डोळ्यापुढे येतं, पण लग्न खरं लागतं ते या मुकुटांनी, आणि नेमकी हीच गोष्ट बाहेरच्यांना फारशी माहीत नसते.

विधी दोन भागांत होतो. आधी साखरपुडा, म्हणजे उजव्या हातात अंगठ्या, आणि मग मुकुट. हे दोन्ही एकेकाळी वेगवेगळ्या दिवशी व्हायचे, आता सलग उरकतात. पाद्री "देवा, यांना वैभव आणि सन्मानाचा मुकुट घाल" अशी प्रार्थना करतो आणि कुंबारोस (लग्नातला मानकरी, पुढे बरेचदा पहिल्या मुलाचा धर्मपिताही हाच होतो) मागे उभा राहून मुकुटांची तीनदा अदलाबदल करतो. नंतर बायबलमधलं काना गावच्या लग्नाचं वाचन, एकाच पेल्यातून दोघांनी वाईन पिणं, आणि 'यशयाचा नाच', म्हणजे मुकुट घालून टेबलाभोवती तीन फेऱ्या, तेव्हा पाहुणे तांदूळ उधळतात. ग्रीक विधीत वधूवरांनी शपथ घ्यायची पद्धत नाही, दोघं अख्ख्या लग्नात एक शब्दही बोलत नाहीत. बायबलमधल्या इफिसकरांच्या पत्रातलं "पत्नीनं पतीचं भय धरावं" हे वाक्य आलं की नवरी हळूच नवऱ्याच्या पायावर पाय देते, हे मात्र चर्चच्या पुस्तकात नाही, लोकांनी आणलेलं आहे.

आता मूळ कुठलं, यावर बराच वाद आहे. ख्रिस्ती होण्याच्या आधीपासून ग्रीक लग्नात मुकुट होते यात शंका नाही. प्राचीन ग्रीक लेखक प्लुटार्क सांगतो की ग्रीसच्या बिओशिया भागात नवरीला शतावरीच्या जातीच्या काटेरी झुडपाचा मुकुट घालत, कारण त्या काट्यांतूनच गोड फळ येतं. म्हणूनच सुरुवातीच्या ख्रिस्ती लेखकांना ही प्रथा खटकायची. उत्तर आफ्रिकेतला टर्टुलियन साधारण इ.स. २११ च्या सुमारास मुकुटांविरुद्ध लिहितो (निमित्त होतं एका सैनिकाचं, त्यानं माळ डोक्यावर घालायला नकार दिला होता) आणि त्यात लग्नाचे मुकुटही ओढतो. पण चौथ्या शतकाच्या शेवटी धर्मोपदेशक जॉन क्रिसोस्टोम तेच मुकुट आपलेसे करतो, म्हणतो की हे विजयाचं चिन्ह आहे, वासनेपुढे न हरता दोघं इथवर आली म्हणून. त्याच काळातल्या नाझियान्झसच्या ग्रेगरी या बिशपच्या एका पत्रात मुकुट घालायचं काम मुलीच्या वडिलांकडे दिसतं, पाद्र्याकडे नाही.

काही अभ्यासक, त्यात जॉन मायेंडॉर्फ महत्त्वाचे, असं मानतात की सुरुवातीला लग्न हे चर्चच्या प्रभुभोजनाचाच (भाकर-वाईनचा मुख्य विधी) भाग होतं आणि मुकुटाचा वेगळा विधी नवव्या शतकाच्या आसपास सुटा झाला. दुसरं मत असं की तो मुळात घरचा विधी, चर्चनं हळूहळू ताब्यात घेतला. ग्रेगरीचं पत्र बघता दुसरं मत जास्त पटण्यासारखं आहे. इ.स. ५८२ मध्ये बायझंटाइन सम्राट मॉरिसच्या लग्नात पेट्रिआर्कनं (राजधानीतला मुख्य धर्मगुरू) मुकुट घातल्याचं वर्णन मिळतं, पण ते राजघराणं, त्यावरून गावातल्या लग्नाचा अंदाज बांधता येत नाही. प्रार्थनांचं सगळ्यात जुनं हस्तलिखित बहुधा आठव्या शतकाच्या शेवटचं, ते व्हॅटिकनमध्ये आहे.

कायद्यानं चर्चचा आशीर्वाद सक्तीचा केला सम्राट लिओ सहावा (राज्यकाळ ८८६–९१२) यानं, तेही फक्त स्वतंत्र लोकांसाठी, गुलामांना हा नियम अकराव्या शतकाच्या शेवटी लागू झाला. आणि याच लिओनं पुढे स्वतः चौथं लग्न केलं, पेट्रिआर्कनं त्याला चर्चमध्ये घ्यायचं नाकारलं, भांडण इतकं चिघळलं की ९२० मध्ये चौथ्या लग्नावर कायमची बंदी आली, ती आजही आहे. दुसऱ्या लग्नाला जुन्या नियमांत मुकुटच नव्हता, उलट प्रायश्चित्त होतं. नंतर हे सैल झालं, तरी दुसऱ्या लग्नाच्या प्रार्थनांत पश्चात्तापाचा सूर अजून आहे.

लग्नानंतर मुकुट काचेच्या पेटीत घालून घरातल्या देवचित्रांजवळ ठेवतात. ईस्टरआधीच्या मोठ्या उपासाच्या काळात आणि ऑगस्टच्या पहिल्या पंधरवड्यात लग्न लागत नाही. लीप वर्ष अशुभ मानून टाळणारेही बरेच आहेत, पण त्याला चर्चचा आधार नाही. ग्रीसमध्ये १९८२ पर्यंत सिव्हिल मॅरेजच नव्हतं, त्यामुळे तिथल्या ऑर्थोडॉक्स माणसाला मुकुटाशिवाय कायदेशीर लग्न करताच येत नव्हतं.

परदेशातल्या ग्रीकांपुढे, शिकागोत असो की न्यूयॉर्कच्या अस्टोरियात, प्रश्न येतो तो बाहेरच्या जावयाचा नाहीतर सुनेचा. सिनेमातला नवरदेव लग्नाआधी बाप्तिस्मा घेतो, ते बघून पंथ बदलल्याशिवाय ग्रीक चर्चमध्ये लग्न होतच नाही असं वाटू शकतं, पण तसं नाहीये. अमेरिकेतल्या ग्रीक आर्चडायोसीसच्या (तिथल्या चर्चचा कारभार बघणारी संस्था) नियमानुसार पवित्र त्रैक्याच्या (पिता, पुत्र, पवित्र आत्मा) नावानं बाप्तिस्मा झालेली कॅथलिक किंवा प्रोटेस्टंट व्यक्ती आहे त्याच पंथात राहून मुकुट घालू शकते. बाप्तिस्माच न झालेल्याला मात्र परवानगी नाही, आणि कुंबारोस ऑर्थोडॉक्सच लागतो.