बात्तिस्ती, कार्लो

बात्तिस्ती, कार्लो : (१० ऑक्टोबर १८८२ – ६ मार्च १९७७). इटालियन भाषाशास्त्रज्ञ आणि कोशकार. चित्रपटाच्या इतिहासात त्यांचे नाव टिकले ते सत्तरीच्या उंबरठ्यावर केलेल्या एकाच भूमिकेमुळे. व्हित्तोरिओ दे सिका दिग्दर्शित ‘उंबेर्तो डी.’ (१९५२) या चित्रपटातील निवृत्त सरकारी नोकर उंबेर्तो दोमेनिको फेर्रारी त्यांनी साकारला. पुढे ते नट म्हणून पडद्यावर आले नाहीत.

बात्तिस्ती यांचा जन्म त्रेंतोचा. हे शहर त्या वेळी ऑस्ट्रिया-हंगेरीच्या साम्राज्यात होते. ऑस्ट्रियाने १९१६ मध्ये फासावर दिलेले देशभक्त चेझारे बात्तिस्ती हेही त्रेंतोचेच. आडनाव आणि गाव एक असल्याने दोघांची गल्लत होऊ शकते. कार्लो यांचे शिक्षण व्हिएन्नात झाले. काही काळ त्यांनी गोरित्सिया येथील ग्रंथालय सांभाळले आणि नंतर फ्लॉरेन्स विद्यापीठात भाषाशास्त्राचे अध्यापन केले. जोव्हान्नी आलेस्सिओ यांच्यासह त्यांनी सिद्ध केलेला इटालियन भाषेचा पाच खंडांचा व्युत्पत्तिकोश १९५० ते १९५७ या काळात प्रसिद्ध झाला. म्हणजे चित्रीकरण झाले तेव्हा कोशाचे खंड निघणे चालूच होते. आल्प्स पर्वतातील लादिन बोली इटालियनपासून वेगळ्या नाहीत, असे त्यांचे मत होते. त्यावर वाद झाले. पहिल्या महायुद्धानंतर इटलीकडे आलेल्या जर्मनभाषक दक्षिण तिरोलमधील जर्मन स्थलनामांना इटालियन रूप देणाऱ्या एत्तोरे तोलोमेई यांच्याशी त्यांच्या कामाचा निकटचा संबंध होता. फॅसिस्ट राजवटीत त्या नामांतराला सत्तेचे बळ मिळाले, त्यामुळे बात्तिस्तींच्या विद्वत्तेकडे राजकारण वगळून पाहता येत नाही.

नववास्तववादी चित्रपटातला (दुसऱ्या महायुद्धानंतर सामान्य माणसांचे खरे जगणे दाखवणाऱ्या इटालियन चित्रपटांतला) अव्यावसायिक नट म्हटला की स्वतःचेच जगणे पडद्यावर आणणारा कष्टकरी डोळ्यांसमोर येतो. तशी उदाहरणे आहेतच. ‘ला तेर्रा त्रेमा’ (१९४८) मध्ये सिसिलीतल्या आची त्रेझ्झा गावाचे कोळी कोळ्यांच्याच भूमिकांत आहेत, तर दे सिकांच्याच ‘बायसिकल थीव्हज’मध्ये (१९४८) सायकल हरवलेला बाप झालेले लाम्बेर्तो माज्जोरानी कारखान्यात कामगार होते. बात्तिस्ती या चौकटीत बसत नाहीत. भाडे थकलेल्या पेन्शनराची भूमिका करणारा हा माणूस प्रत्यक्षात मान्यताप्राप्त प्राध्यापक होता. भूमिकेला त्यांनी दिली ती गरिबी नव्हे, तर वागण्यातली शिस्त, ताठ कणा आणि शिकलेल्या माणसाचा संकोच. उंबेर्तोची शोकांतिका पैशाइतकीच अब्रूची आहे, म्हणून ही निवड अचूक ठरली.

चित्रपटाची सुरुवात रोममध्ये पेन्शनवाढीसाठी निघालेल्या वृद्धांच्या मोर्चाने होते. पोलीस तो पांगवतात. घरमालकिणीचे १५,००० लिरा थकलेले आहेत. उंबेर्तो घड्याळ विकतो, पुस्तके विकतो, तरी रक्कम जमत नाही. त्याला जीव लावणारे दोघेच : फ्लाइक हा कुत्रा आणि घरातली मोलकरीण मारिया. मारियाची भूमिका करणारी मारिया पिआ काझिलिओ हीसुद्धा तेव्हा नवखीच होती; तिने मात्र पुढे अभिनय हाच व्यवसाय केला.

बात्तिस्तींचे सामर्थ्य पाहायचे तर रोममधल्या पँथेऑन या प्राचीन मंदिराजवळचा प्रसंग पाहावा. उंबेर्तो भीक मागण्यासाठी हात पुढे करून पाहतो. एक जण थांबून पैसे काढू लागताच तो तळहात उलटा करतो, जणू पाऊस पडतोय का हेच पाहत होता. मग तो टोपी फ्लाइकच्या तोंडात देऊन स्वतः आडोशाला जातो. तेवढ्यात ओळखीचे गृहस्थ येतात आणि कुत्र्याचा खेळ चाललाय असे भासवून तो वेळ मारून नेतो. या प्रसंगात डोळ्यांत पाणी नाही, आवाज चढत नाही. सराईत नटाने इथे करुणरस ओतला असता. बात्तिस्ती काहीच ओतत नाहीत, आणि प्रसंग असह्य होतो.

इटलीत हा चित्रपट चालला नाही. पंतप्रधान कार्यालयातील उपसचिव आणि चित्रपटविषयक धोरणाचे सूत्रधार जूलिओ आंद्रेओत्ती यांनी फेब्रुवारी १९५२ मध्ये जाहीर लेख लिहून दे सिकांना धारेवर धरले. विसाव्या शतकाच्या मध्यावरची इटली म्हणजे उंबेर्तो डी.ची इटली असा जगाचा ग्रह झाला, तर दे सिकांनी मायदेशाचे नुकसानच केले असे होईल, हा त्यांचा आक्षेप. पेन्शनवर गुजराण न होणारे म्हातारे त्या इटलीत होते की नाही, या प्रश्नाचे उत्तर त्यात नव्हते.

पुढे बाजू पालटली. न्यूयॉर्कच्या समीक्षकांनी १९५५ साली या चित्रपटाला सर्वोत्कृष्ट परदेशी चित्रपटाचा मान दिला, तोही एका फ्रेंच चित्रपटासोबत विभागून. चेझारे झाव्हात्तिनी यांच्या कथेला ऑस्करचे नामांकन मिळाले. स्वतःच्या वडिलांना, उंबेर्तो दे सिका यांना अर्पण केलेली ही कृती दे सिका आपली सर्वांत आवडती मानत. व्युत्पत्तिकोशाचा अखेरचा खंड १९५७ मध्ये बाहेर पडला. बात्तिस्ती यांचे निधन फ्लॉरेन्सजवळील एम्पोली येथे झाले.